केप्लरचे ‘स्वप्न’ : चंद्रावरची धोकादायक वेधशाळा

वेधशाळा म्हटली की टेकडीवरील एखादी शांत इमारत, तिचा फिरता घुमट आणि रात्रभर जागणारा एकांतप्रिय विद्वान असे चित्र आपल्या डोळ्यांसमोर उभे राहते. तेथे कोणाच्या जिवाला धोका असेल, अशी शंकाही मनाला शिवत नाही. परंतु युरोपच्या साहित्यात एक वेधशाळा अशी आहे की, तिच्याकडे नेणारी वाट प्राणघातक आहे आणि तिचा वाटाड्या एक अदृश्य पिशाच आहे. तिच्या नुसत्या वर्णनामुळे आपल्या वृद्ध आईवर चेटकीणपणाचे बालंट आले, अशी खंत तिच्या निर्मात्याला लागून राहिली होती. ही वेधशाळा चंद्रावर आहे. तिला भिंती नाहीत, घुमट नाही, दुर्बीणही नाही. अवघा चंद्रगोल हीच वेधशाळा. तिचा निर्माता योहान्स केप्लर (१५७१–१६३०) आणि ती ज्या पुस्तकात आहे त्याचे लॅटिन नाव ‘सोम्नियम’, म्हणजे ‘स्वप्न’.

केप्लरचे नाव आपल्या मुलांना पाठ्यपुस्तकातून ठाऊक असते. ग्रह सूर्याभोवती लंबवर्तुळाकार कक्षेत फिरतात, हे सांगणारा तो शास्त्रज्ञ. त्याचे तीन नियम परीक्षेपुरते पाठ केले जातात आणि परीक्षेनंतर विसरलेही जातात. त्याने एक विलक्षण कथा लिहिली होती, ही गोष्ट मात्र पाठ्यपुस्तकात क्वचितच येते. अनेक अभ्यासक तिला विज्ञानकथेची जननी मानतात. एडवर्ड रोझेन ह्यांनी १९६७ साली केलेला तिचा सटीप इंग्रजी अनुवाद जिज्ञासू वाचकाने अवश्य मिळवावा. आमच्या मते ही कथा केवळ विज्ञानाच्या इतिहासातील नवलाई म्हणून वाचणे हा तिच्यावर अन्याय आहे. ‘पाहणे’ म्हणजे काय आणि पाहणाऱ्याला त्याची काय किंमत मोजावी लागते, ह्याचा एवढा खोल विचार करणारी कथा आमच्या वाचनात फारशी आलेली नाही.

ह्या छोट्याशा कथेने आपल्या लेखकाला जवळजवळ चाळीस वर्षे सोडले नाही. १५९३ साली, ट्युबिंगेन येथे शिकत असताना, चंद्रावर उभे राहून पाहणाऱ्याला आकाश कसे दिसेल ह्या विषयावर तरुण केप्लरने एक प्रबंध तयार केला. कोपर्निकसचे मत मान्य नसलेल्या एका प्राध्यापकाने तो चर्चेला घेण्यास नकार दिला. १६०९ साली, प्राग येथे सम्राट रुडॉल्फचा गणिती म्हणून काम करीत असताना, त्याने त्याच विचाराला कथेचा वेष चढविला. १६११ च्या सुमारास तिचे हस्तलिखित हातोहात फिरू लागले. पुढे १६२० नंतरच्या दशकात त्याने तिला एक-दोन नव्हे, तर २२३ टीपा जोडल्या. मूळ कथेपेक्षा टीपाच कितीतरी मोठ्या झाल्या. पुस्तक छापून निघाले ते १६३४ साली, केप्लरच्या मृत्यूनंतर चार वर्षांनी, त्याच्या मुलाच्या हातून.

आता कथेकडे वळू. निवेदक एके रात्री चंद्र-तारे पाहून झोपी जातो आणि स्वप्नात एक पुस्तक वाचू लागतो. पुस्तक आहे ड्युराकोटस नावाच्या आइसलंडच्या तरुणाचे आत्मवृत्त. त्याची आई फिओल्क्सहिल्ड जडीबुटी जाणणारी आहे. संत योहानाच्या सणाच्या सुमारास, जेव्हा त्या उत्तरेकडील मुलखात सूर्य मावळत नाही, तेव्हा ती मुलाला घेऊन हेक्ला पर्वताच्या उतारावर वनस्पती गोळा करते. त्या चामड्याच्या पिशव्यांत शिवून जहाजांच्या कप्तानांना विकते. त्यावरच मायलेकरांचे पोट चालते. चौदा वर्षांचा ड्युराकोटस एके दिवशी कुतूहलापोटी एक पिशवी फाडून पाहतो. आत काय आहे, एवढेच त्याला जाणून घ्यायचे असते. मिळकत बुडाल्याने संतापलेली आई मुलालाच कप्तानाच्या हवाली करते. कप्तान त्याला टायको ब्राहे ह्या थोर खगोलवेत्त्याच्या ह्वेन बेटावर उतरवतो. तेथील वेधशाळेत तो पाच वर्षे राहतो, भाषा शिकतो, ग्रहताऱ्यांचे वेध घ्यायला शिकतो. टायको आणि त्यांचे शिष्य रात्र-रात्र चंद्राकडे डोळे लावून बसलेले पाहून त्याला आपली आई आठवते. कारण तीही चंद्राशी बोलत असे!

पाच वर्षांनी तो घरी परततो. रागाच्या भरात मुलाला गमावून बसलेली आई आनंदाने वेडी होते. तो आपल्या विद्येविषयी सांगतो आणि तिला कळते की, मुलगा जे दूरदेशी शिकून आला, त्यातले पुष्कळ तिलाही ठाऊक आहे. तिचे गुरू वेगळे, एवढाच फरक. ती मुलाला घेऊन चौरस्त्यावर जाते आणि एकवीस अक्षरांनी आवाहन करता येणाऱ्या एका आत्म्याला बोलावते. डोक्यावर वस्त्र ओढून मायलेकरे बसतात. अंधारातून घोगऱ्या आवाजात तो चंद्रवासी आत्मा ‘लेव्हानिया’ची, म्हणजे चंद्राची, हकीकत सांगू लागतो.

ही एकवीस अक्षरे कोणती, ते केप्लर टीपेत सांगतो. लॅटिनमधील ‘आस्त्रोनोमिया कोपर्निकाना’, म्हणजे ‘कोपर्निकसचे खगोलशास्त्र’, ह्या शब्दांची अक्षरे तो मोजतो, ती बरोबर एकवीस भरतात. वाटाड्याच्या नावाची, म्हणजे ‘डेमन’ ह्या शब्दाची, व्युत्पत्तीही तो ‘जाणणे’ ह्या अर्थाच्या ग्रीक धातूपासून लावतो. थोडक्यात, ज्याला पाहून गाव घाबरेल ते पिशाच म्हणजे दुसरेतिसरे कोणी नसून ज्ञानच आहे. कथेतील पहिला विनोद हा आहे, आणि तिच्यातील पहिला धोकाही हाच आहे.

दुसरा धोका प्रवासाचा. चंद्र पन्नास हजार जर्मन मैल उंच. हे आत्मे पृथ्वीच्या सावलीतूनच ये-जा करू शकतात, म्हणून ग्रहणाच्या वेळी, फार तर चार तासांत सारा प्रवास उरकावा लागतो. सुखवस्तू, लठ्ठ, नाजूक माणसांना ते बरोबर घेत नाहीत. जन्मभर घोड्यावर बसलेले किंवा वरचेवर जहाजाने इंडीजच्या सफरीवर जाणारे, कोरडी भाकरी, लसूण आणि सुके मासे खाऊन राहिलेले लोक त्यांना पसंत. सर्वांत पसंत म्हणजे वाळलेल्या म्हाताऱ्या बाया! आरंभीचा धक्का तोफेच्या दारूने उडविल्यासारखा बसतो, म्हणून प्रवाशाला अफू देऊन निजवतात. थंडी आणि श्वासाची अडचण ह्यांसाठी नाकाशी ओला स्पंज धरतात. अर्धी वाट सरल्यावर शरीर आपोआपच पुढे जाऊ लागते. चंद्रावर पोहोचताच सूर्याच्या तापापासून वाचण्यासाठी सर्वजण गुहांत शिरतात. दुर्बिणीने चंद्र नुकताच कोठे पाहिला जाऊ लागला होता त्या काळात, धक्का, विरळ हवा, थंडी आणि गुरुत्वाकर्षण ह्यांचा इतका बारकाईने विचार करणारा लेखक खरोखरच असामान्य म्हटला पाहिजे.

परंतु सर्वांत मोठा धोका तिसराच आहे, आणि तेथेच ह्या पुस्तकाचे मर्म आहे. लेव्हानियाचे दोन अर्धगोल आहेत. एकावरून पृथ्वी नेहमी दिसते, दुसऱ्यावरून कधीच दिसत नाही. तेथील लोक पृथ्वीला ‘व्होल्वा’, म्हणजे ‘फिरणारी’, म्हणतात. पहिला भाग सबव्होल्वा, दुसरा प्रिव्होल्वा. सबव्होल्वावरून पाहिले तर ही व्होल्वा खिळा ठोकून बसविल्यासारखी आकाशात एकाच जागी असते. तिचा व्यास आपल्याला दिसणाऱ्या चंद्राच्या जवळजवळ चौपट. चंद्राप्रमाणेच तिच्याही कला वाढतात आणि घटतात. ती जागच्या जागी फिरते, म्हणून तिच्यावरील डाग पाहून तेथील लोक वेळ ओळखतात. आपली सारी भूमी त्यांच्यासाठी भिंतीवरचे घड्याळ! आफ्रिका म्हणजे खांद्यापाशी तोडलेले मस्तक, युरोप म्हणजे घोळदार झगा घातलेली, त्याचे चुंबन घेण्यास वाकलेली मुलगी. ज्या खंडासाठी राजे लढले आणि ज्याच्या धर्मकलहात लक्षावधी माणसे मेली, तो खंड तेथून केवळ एक चित्रविचित्र डाग दिसतो.

आणि हे सारे पाहणारे लेव्हानियावासी काय समजतात? आपला चंद्र स्थिर आहे आणि बाकी सर्व आपल्याभोवती फिरत आहे, असे ते समजतात. त्यांची इंद्रिये त्यांना जी साक्ष देतात, तीच साक्ष आपली इंद्रिये आपल्याला देतात. आपण त्यांना हसतो. चंद्र फिरतो हे आपल्याला येथून दिसते. मग हसता हसता जीभ अडखळते. आपण ज्या पुराव्यावर पृथ्वीला स्थिर मानत होतो, तो पुरावा ह्याहून निराळा होता काय? विद्यापीठाने जो युक्तिवाद ऐकून घेण्यास नकार दिला, तो केप्लरने असा कथेतून वाचकाच्या अनुभवाला आणून दिला. वादात माणूस दुसऱ्याचे म्हणणे खोडून काढू शकतो, पण स्वतःचे हसणे त्याला कसे खोडता येणार? ह्या वेधशाळेत जो शिरतो, त्याच्या पायाखालची जमीन हलते. ‘मी केंद्रस्थानी आहे’ हा समज येथे बाहेर ठेवावा लागतो. हा खरा धोका.

कलाकृती म्हणून ह्या कथेत दोष आहेत, हेही सांगितले पाहिजे. आत्मा बोलू लागला की कथा संपते आणि व्याख्यान सुरू होते. दिवस-रात्रीचे मान, ग्रहणे आणि ग्रहांच्या गती ह्यांची लांबच लांब माहिती सामान्य वाचकाला थकविते. शेवटी लेव्हानियावरील सर्पवत्, प्रचंड, अल्पायुषी प्राण्यांचे आणि टोळ्यांनी भटकणाऱ्या प्रिव्होल्वावासीयांचे अद्भुत वर्णन येते, तोच वारा आणि पाऊस ह्यांच्या आवाजाने निवेदक जागा होतो. पाहतो तो डोक्यावर उशी आणि अंगावर पांघरूण. मायलेकरे चौरस्त्यावर डोके झाकून बसली होती, ती तशीच राहिली. पुढे त्यांचे काय झाले, ते केप्लर सांगत नाही.

येथे एक सूक्ष्म गोष्ट लक्षात घ्यावी. कथेत ड्युराकोटस प्रत्यक्ष चंद्रावर जातच नाही. तो ऐकतो. साऱ्या पुस्तकातील सर्वांत विशाल दर्शन डोळे झाकलेल्या दोन माणसांना घडते. वेध घेण्याची विद्या शिकलेल्या मुलाला शेवटचा वेध श्रवणातून आणि विश्वासातून मिळतो, आणि तो मिळवून देते त्याची निरक्षर आई. केप्लरने हे जाणूनबुजून साधले की नाही, हा प्रश्न गौण आहे. कथेत ते आहे, आणि आमच्या मते तेच तिचे सर्वांत सुंदर अंग आहे.

आता त्या खऱ्या आईकडे वळले पाहिजे, कारण कथेचा धोका पानांबाहेर पडला तो येथे. १६१५ साली लेओनबर्ग गावातील एका स्त्रीने केप्लरची आई काथारिना हिच्यावर आरोप केला की, हिने दिलेल्या पेयामुळे मी आजारी पडले. कुजबुजीचे आरोप झाले, आरोपांचा खटला झाला. १६२० च्या ऑगस्टमध्ये सत्तरी ओलांडलेल्या ह्या वृद्धेला अटक झाली. चौदा महिने ती साखळदंडात होती. केप्लरने आपले काम बाजूला ठेवून लिंझहून धाव घेतली आणि आईचा बचाव स्वतः उभा केला. १६२१ च्या सप्टेंबरात तिला छळाची हत्यारे दाखवून कबुलीजबाब मागण्यात आला. ती बधली नाही. सुटली, आणि १६२२ च्या एप्रिलमध्ये वारली.

केप्लर टीपेत लिहितो की, आपल्या हस्तलिखिताची बातमी त्याच्या मुलखात पोहोचली आणि न्हाव्यांच्या दुकानांतून तिची चर्चा झाली. जडीबुटी विकणारी आई, आत्म्यांशी बोलणारी आई, आणि लेखकाची आईही गावात औषधे देणारी! अर्धवट वाचलेल्या, किंबहुना न वाचताच ऐकलेल्या कथेचा लोकांनी पुरावा केला, असे त्याला वाटत होते. खटल्यात ह्या कथेचा खरोखर काही वाटा होता काय, ह्याविषयी आजच्या इतिहासकारांना शंका आहे. शेजारपाजारची भांडणे आणि त्या काळची भीती त्यासाठी पुरेशी होती, असे त्यांचे म्हणणे. ते खरे असेलही. परंतु मुलाच्या मनातील सल त्यामुळे खोटा ठरत नाही. टीपा लिहून आपण त्या छळाचे उट्टे काढत आहोत, अशा आशयाचे तो स्वतःच लिहितो. त्या २२३ टीपा म्हणजे एका मुलाने आपल्या आईच्या वतीने, उशिरा का होईना, दिलेली साक्ष आहे.

मात्र साक्ष देताना तो आईला एका अर्थी पुन्हा गमावतो, असे आम्हाला वाटते. टीपांमध्ये फिओल्क्सहिल्ड रूपक बनते. ती म्हणजे अज्ञान, अशिक्षित अनुभव. तिच्या पोटी विज्ञान जन्मते, आणि आई जिवंत असेपर्यंत मुलाने सत्य उघड बोलणे सुरक्षित नसते! युक्ती चतुर आहे. चेटकीण आहे असे म्हणणाऱ्यांना ‘अहो, ही बाई नव्हेच, हे रूपक आहे’ असे उत्तर मिळते. पण कथा वाचणारा हे मान्य करणार नाही. कथेतली आई अज्ञान नाही. मुलगा टायकोकडून जे शिकला त्याच्या पलीकडचे तिला माहीत आहे, आणि ते देण्यासाठी ती मुलगा परत येण्याची वाट पाहत होती. केप्लरच्या आयुष्यातही तसेच होते. १५७७ साली धूमकेतू दिसला तेव्हा त्याच्या आईने सहा वर्षांच्या योहान्सला उंच जागी नेऊन तो दाखविला होता; ही आठवण त्याने स्वतः नोंदविली आहे. ह्वेन बेट तर त्याने कधी पाहिलेही नाही. त्याची पहिली वेधशाळा म्हणजे आईचे बोट. म्हणून आमचा अभिप्राय असा की, केप्लरची कथा केप्लरच्या टीपांपेक्षा शहाणी आहे. टीपांना आईला वाचवायचे होते; कथेने तिला ओळखले होते.

वाचकहो, हा केवळ चारशे वर्षांपूर्वीच्या जर्मनीचा प्रश्न नव्हे. एखाद्या बाईला ‘भुताळी’ ठरवून छळण्याचे प्रकार रोखण्यासाठी आपल्या महाराष्ट्रात २०१३ साली कायदा करावा लागला. कोणाच्या तरी घरातील अर्धी गोष्ट ऐकून उरलेली अर्धी आपण रचायची, ही सवय कोणत्याही गावाला, कोणत्याही धर्मग्रामाला नवी नाही. पुस्तक पूर्ण वाचणे, निदान न वाचता त्याविषयी न बोलणे, हेही शेजारधर्माचेच एक अंग आहे.

धर्मगुरू म्हणून आणखी एका बाजूचा उल्लेख करणे आमचे कर्तव्य आहे. कोपर्निकसच्या ग्रंथावर १६१६ साली आपल्याच चर्चने निर्बंध घातले आणि १६३३ साली गॅलिलिओला दोषी ठरविले. त्यानंतर एकाच वर्षाने ‘सोम्नियम’ छापले गेले. त्या प्रकरणातील चूक पोप जॉन पॉल दुसरे ह्यांनी १९९२ साली जाहीरपणे मान्य केली. दुसरीकडे, केप्लर ल्यूथरपंथी असूनही लिंझ येथे त्याच्याच पंथाने त्याला ख्रिस्तप्रसादापासून दूर ठेवले होते. अशा काळात आपल्या पुस्तकाला जोडलेले चंद्राच्या भूगोलावरील परिशिष्ट तो कोणाला उद्देशून लिहितो? फादर पॉल गुल्डिन ह्या येशूसंघीय धर्मगुरूला! त्यांच्याच मध्यस्थीने त्याला येशूसंघीय फादर झुक्की ह्यांची दुर्बीण मिळाली होती. तीस वर्षांच्या धर्मयुद्धाच्या धामधुमीत एक दुर्बीण सीमा ओलांडून जाते, ही घटना आम्हाला कथेइतकीच अद्भुत वाटते. पुढे १६५१ साली येशूसंघीय रिच्चोली ह्यांनी चंद्राचा नकाशा केला, तेव्हा मते वेगळी असूनही कोपर्निकस आणि केप्लर ह्या दोघांची नावे त्यांनी चंद्रावरील विवरांना दिली. ती आजही तीच आहेत.

त्याच परिशिष्टात केप्लरचा एक गमतीदार घोटाळाही आहे. चंद्रावरील वर्तुळाकार खळगे इतके रेखीव आहेत की, ती तेथील रहिवाशांनी बांधलेली नगरे असावीत, असे तो मांडतो. पाहणारा आपली जागा पाहण्याबरोबर घेऊन जातो, हा धडा जगाला देणाऱ्या माणसानेच चंद्रावर आपल्या ओळखीची नगरे पाहिली. धडा देणाऱ्यालाही तो धडा संपूर्ण पेलत नाही. ह्यात केप्लरचा उपहास करण्यासारखे काही नाही. उलट त्याच्या कथेची ही खूणगाठच आहे.

मराठी वाचकाला येथे डॉ. जयंत नारळीकरांची आठवण झाल्यावाचून राहणार नाही. २०२५ साली दिवंगत झालेल्या ह्या खगोलशास्त्रज्ञाने १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेसाठी ‘कृष्णविवर’ ही कथा नारायण विनायक जगताप ह्या टोपणनावाने पाठविली होती. आपली कथा नावामुळे नव्हे, गुणांमुळे निवडली जावी म्हणून त्यांनी नाव लपविले. केप्लरला स्वप्न, स्वप्नातील पुस्तक, पुस्तकातील तरुण आणि तरुणासमोरचे पिशाच अशा चार पडद्यांमागे लपावे लागले. एवढे करूनही तो सुरक्षित राहिला नाही.

आज त्या वेधशाळेची वाट पुष्कळशी मोकळी झाली आहे. १९७२ च्या एप्रिलमध्ये अपोलो १६ च्या अंतराळवीरांनी जॉर्ज कॅरुथर्स ह्यांनी तयार केलेली अतिनील किरणांची दुर्बीण चंद्रभूमीवर उभी केली आणि तिच्यातून पृथ्वीचेही वेध घेतले. पृथ्वी तेथील आकाशात जवळजवळ एकाच जागी असते, हे केप्लरचे गणित अक्षरशः खरे ठरले. आणि ज्या प्रिव्होल्वाला पृथ्वी कधीच दिसत नाही, त्या अर्धगोलावर २०१९ च्या जानेवारीत चीनचे यान उतरले. पृथ्वीचा रेडिओ-कोलाहल तेथे पोहोचत नाही, म्हणून विश्वाचे अतिक्षीण रेडिओ-संदेश ऐकण्यासाठी खगोलशास्त्रज्ञांना आज तीच जागा सर्वांत मोलाची वाटते. केप्लरने ज्याला वंचित म्हटले, तोच प्रदेश ऐकण्यासाठी उत्तम ठरावा, ह्याला काय म्हणावे!

ज्ञान भीतिदायक वाटते ते त्याच्या अनोळखी आवाजामुळे. तो आवाज ऐकण्यासाठी डोक्यावर वस्त्र ओढून, आपली जागा सोडून, थोडा वेळ गप्प बसावे लागते; आणि तेथवर नेणारी बहुधा आपलीच कोणी साधी, कमी शिकलेली, चंद्राशी बोलणारी आई असते. ‘सोम्नियम’ने आम्हाला शिकविले ते एवढेच. आमच्या मते ते पुरेसे आहे.